चार उभ्या, एक आडवी

आमच्या घरात काहीही मोजायचं झालं की ते पाचापाचांनी मोजलं जायचं. चार उभ्या रेघा, त्यांच्यावरून पाचवी आडवी. दुधाच्या पिशव्या, इस्त्रीला दिलेले कपडे, गावच्या घरासाठी उतरवलेल्या सिमेंटच्या गोण्या, माझ्या लग्नातल्या पंगतीची पानं. स्वयंपाकघराच्या दाराआड भिंतीवर पेन्सिलीच्या अशा जुड्या उमटलेल्या असायच्या आणि आई दर दिवाळीला त्या पुसून काढायची. शाळेत बाईंनी ताळ्याच्या खुणा शिकवायला घेतल्या तेव्हा त्या नवीन काय सांगतायत ते मला कळेचना. मला वाटलं, हे तर बाबांचं अक्षर आहे.

बाबा मुंबई गोदीत टाली क्लार्क होते. बोटीतून उतरणारी प्रत्येक गोणी, पेटी, पिंप, गासडी मोजून लिहायची आणि पाळी सुटताना बोटीवरच्या टालीशी आपली टाली जुळवायची, हे त्यांचं तीस वर्षांचं काम. त्यांच्या आधी तात्या, म्हणजे माझे आजोबा, त्याच गोदीत त्या गोण्या उचलत होते. आणि मी आज उरणजवळच्या एका कंटेनर फ्रेट स्टेशनात, म्हणजे कंटेनर भरायच्या-रिकामे करायच्या आवारात, कागदपत्रांचं काम बघते. चार अक्षरं आणि सात आकडे, असा प्रत्येक डब्याचा, म्हणजे कंटेनरचा, नंबर असतो. त्यातला एक आकडा चुकला तर संगणक तो नंबर घेतच नाही. मालाच्या बाबतीत बंदराचं धंद्याचं डोकं पहिल्यापासून असंच चोख आहे. माणसाच्या बाबतीत ते तसं नव्हतं, आणि आमच्या घराची सगळी गोष्ट त्या फरकात अडकलेली आहे. तात्या गेले, बाबा अठ्ठ्याहत्तर वर्षांचे झाले. आता हे लिहून ठेवायला हवं असं सारखं वाटत राहतं.

मुंबईचा पश्चिमेचा समुद्र सगळ्यांनी पाहिलाय. गिरगाव, दादर, जुहू, तिथे भेळ मिळते, सूर्य बुडताना दिसतो. पूर्वेचा समुद्र मात्र भिंतीआड आहे. पी. डिमेलो रोडनं बसमधून जाताना मैलोनमैल ती भिंत दिसते, मध्येच एखादी फाटक, फाटकावर पोलीस. आत काय आहे हे शहरातल्या बहुतेकांनी कधी पाहिलेलं नाही, कारण पासाशिवाय आत सोडत नाहीत. १८७३ साली पोर्ट ट्रस्ट झाला. १८७५ ला कुलाब्याची ससून गोदी, १८८० ला प्रिन्सेस डॉक, मग व्हिक्टोरिया डॉक, आणि १९१४ साली सगळ्यात मोठी अलेक्झांड्रा डॉक, जिला आता इंदिरा डॉक म्हणतात. अलेक्झांड्रा डॉक खणताना जी माती निघाली तिच्या भरावावर बॅलार्ड इस्टेट उभी राहिली. त्या देखण्या दगडी इमारतींखालची माती कुणीतरी पाटीत भरून, डोक्यावर घेऊन तिथे टाकली आहे. बॅलार्ड इस्टेटमध्ये काही कामानं गेले की माझी नजर आपोआप खाली फुटपाथकडे जाते.

या गोद्या म्हणजे भिंती घातलेली तळी. प्रिन्सेस आणि व्हिक्टोरियाची दारं भरतीला उघडायची, बोटी आत यायच्या, दारं बंद झाली की बाहेर ओहोटी लागली तरी आत पाणी तेवढंच. त्यामुळे गोदीचं घड्याळ चंद्रावर चालायचं. आमच्या खोलीत कालनिर्णयाच्या शेजारी भरती-ओहोटीचं कोष्टक टांगलेलं असायचं. आजीला लिहिता-वाचता येत नव्हतं, पण आज तिथी कुठली यावरून तात्या किती वाजता घरी येतील याचा अंदाज ती बरोबर बांधायची.

तात्या पाटण तालुक्यातले. कोयनेकाठची भातखाचरं भावाभावांत वाटली गेल्यावर खायला पुरेना, तेव्हा पंधरा-सोळाव्या वर्षी कराडपर्यंत चालत येऊन ते मुंबईच्या गाडीत बसले. माझगावला गावाची खोली होती. एका खोलीत वीस-बावीस माणसं, पाळ्यापाळ्यांनी झोपायची. ज्याला रात्रपाळी त्याची वळकटी दिवसा दुसऱ्याच्या वळकटीच्या जागी. गोदीत तेव्हा टोळीवाल्यांचं राज्य होतं. बोटीला माणसं लागली की कंपनी टोळीवाल्याला सांगणार, टोळीवाला फाटकाबाहेर उभ्या असलेल्या गर्दीतून माणसं उचलणार. पहाटे सगळे फाटकापाशी दाटीनं उभे राहायचे. टोळीवाला चेहरे बघायचा नाही, खांदे बघायचा. ज्याच्या दंडाला त्याचा हात लागला तो आत, बाकीचे दिवसभर बाहेर. संध्याकाळी मजुरी हातात पडताना त्यातून त्याचा वाटा कापलेला असायचा.

गोदीच्या फाटकांना रंगांची नावं आहेत. यलो गेट, ग्रीन गेट, रेड गेट, ब्लू गेट, ऑरेंज गेट. यलो गेट हे तर पोलीस ठाण्याचंही नाव आहे. अक्षरओळख नसलेल्या तात्यांना ती सोय होती. मरेपर्यंत त्यांना हिरव्याला ‘गिरीन’ म्हणायची सवय राहिली. शेतसुद्धा त्यांना गिरीनच दिसायचं.

कामाची भाषा वेगळीच. बोटीच्या पोटातल्या मालाच्या जागेला ते फाळका म्हणायचे. फाळक्यात उतरलेली टोळी खाली माल रचून सिलिंगमध्ये, म्हणजे दोराच्या फासात किंवा जाळीत, बांधायची. वर डेकवर विंचवाला, म्हणजे माल वर-खाली करणारं यंत्र चालवणारा. त्याला खालचं काही दिसत नाही. म्हणून फाळक्याच्या तोंडाशी एकजण ओणवा उभा राहून हातानं आणि आवाजानं सांगणार. ‘हबेस’ म्हटलं की वर घ्या, ‘आरिया’ म्हटलं की खाली सोडा. यातला ‘आरिया’ पोर्तुगिजांच्या गलबतांवरून खलाशांच्या बोलीत आला आणि खलाशांकडून आमच्या पाटणच्या माणसाच्या तोंडी. मी लहान असताना तात्या मला उचलून माळ्यावर ठेवताना ‘हबेस’ म्हणायचे आणि उतरवताना ‘आरिया’. मी ते बडबडगीतातले शब्द समजत होते.

आणि आकडा. हा आमच्या घरात अजून आहे. वीतभर लोखंडी सळी प्रश्नचिन्हासारखी वाकवलेली, टोकाला अणकुचीदार, मागे आडवी लाकडी मूठ. मुठीवर जिथे तळहात दाबला जायचा तिथे लाकूड झिजून खळगा पडलाय, आणि तो इतका नेमका तात्यांच्या हाताचा आहे की दुसऱ्या कुणी धरला तर मूठ हातात बसत नाही. आकडा गोणीत रुतवायचा, झटका द्यायचा, गोणी पाठीवर. तेव्हा शंभर-शंभर किलोच्या गोण्या असत. कापसाची गासडी तर पावणेदोनशे किलोच्या आसपास, ती चौघांनी आकडे लावून लोळवत न्यायची. पाठीवर गोणपाटाची खोळ. काही गोण्यांवर इंग्रजीत शिक्का असायचा, ‘यूज नो हुक्स’. आकडा लावू नका, माल सांडेल. वाचता येणारा कुणीतरी ते ओरडून सांगायचा आणि मग त्या गोण्या नुसत्या बोटांनी उचलायच्या. तात्यांच्या बोटांची नखं कायमची जाड आणि वाकडी झाली होती, ती या शिक्क्याच्या गोण्यांमुळे. निवृत्तीनंतर तो आकडा दाराच्या खिळ्याला होता आणि आजी त्यानं माळ्यावरची ट्रंक पुढे ओढायची.

आता १४ एप्रिल १९४४. मुंबईतल्या शाळांमध्ये अग्निशमन सप्ताह पाळतात तो याच दिवसापासून सुरू होतो. ‘फोर्ट स्टिकीन’ नावाची बोट इंग्लंडहून कराचीमार्गे १२ तारखेला आली आणि व्हिक्टोरिया डॉकला लागली. तिच्या पोटात १,४०० टनांच्या आसपास स्फोटकं होती, कराचीला भरलेल्या कापसाच्या हजारो गासड्या होत्या, गंधक, लाकूड, तेलाची पिंपं होती. स्फोटकं असलेल्या बोटीवर लाल बावटा लावायची रीत होती, या बोटीवर तो नव्हता. दुपारी दोनच्या सुमारास दोन नंबरच्या फाळक्यातून धूर निघताना खाली काम करणाऱ्या कामगारांना दिसला. दोन तास नुसतं पाणी मारणं चाललं होतं. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट झाला, चौतीस मिनिटांनी दुसरा, पहिल्याहून मोठा. ‘जलपद्म’ नावाची जवळजवळ चार हजार टनांची बोट उचलली जाऊन धक्क्यावरच्या शेडवर आदळली. हादऱ्याची नोंद सिमल्याच्या भूकंपमापकावर झाली. अग्निशमन दलाचे सहासष्ट जवान गेले.

तात्या त्या दिवशी अलेक्झांड्रा डॉकमध्ये होते, म्हणून वाचले. काय झालं म्हणून विचारलं की ते फार बोलत नसत. ‘आभाळातनं कापूस पडत हुता, पेटल्याला,’ एवढंच. पण त्यांचा खोलीतला जोडीदार, शेजारच्याच गावचा, त्या सकाळी टोळीवाल्याबरोबर व्हिक्टोरिया डॉकला गेला होता. तो परत आला नाही. तात्या आणि खोलीतली माणसं तीन दिवस जे. जे.च्या आवारात फिरली. टोळीवाल्याला गाठून विचारलं तर तो म्हणाला, त्या दिवशी मी कुणाकुणाला उचललं ते माझ्या लक्षात नाही. कागद नव्हता. अंगठा नव्हता. त्या माणसाच्या बायकोला कुणी नुकसानभरपाई दिली नाही, कारण तो तिथे होता हेच कुठे लिहिलेलं नव्हतं. तिनं कुंकूही पुसलं नाही. मेल्याचा कागद कुठे आहे, असं ती विचारायची. मी पाचवी-सहावीत असताना गावच्या जत्रेत तिला पाहिलंय. म्हातारी, कपाळावर रुपयाएवढं कुंकू.

त्या बोटीवर सोनंही होतं. लढाईच्या काळात बँकेसाठी पाठवलेल्या १२४ लगडी, पेट्यांत बंद. स्फोटात त्या शहरभर उडाल्या, एक तर मैलभर लांब एका घरात छप्पर फोडून पडली. प्रत्येक लगडीवर क्रमांक कोरलेला होता. त्यातल्या बहुतेक सगळ्या सापडल्या आणि परत जमा झाल्या. पुढे कितीतरी वर्षांनी गोदीतला गाळ काढतानासुद्धा लगड मिळाली. त्याच स्फोटात माणसं किती मेली, याचं उत्तर मात्र कुठे सातशेचाळीस वाचायला मिळतं, कुठे आठशे, कुठे तेराशे. हे दोन आकडे मी पहिल्यांदा शेजारी शेजारी ठेवले तेव्हा मला ती कुंकवाची म्हातारी आठवली. आजही हे लिहिताना माझा हात थांबतो.

मलबा उचलायला आठ हजार माणसं सात महिने राबली. पाच लाख टन ढिगारा. तात्या त्यांत होते.

गोदीतली रोजंदारी बंद करून कामगारांची नोंदणी करावी, ही शिफारस मजुरांविषयीच्या शाही आयोगानं १९३१ मध्येच करून ठेवली होती. कायदा व्हायला १९४८ उजाडलं, आणि मुंबईत त्याची योजना लागू होऊन डॉक लेबर बोर्ड उभं राहिलं ते १९५१ साली. मधल्या काळात फाटकाबाहेरच्या त्या गर्दीला एकत्र बांधायचं काम संघटनेनं केलं. प्लासिड डिमेलो हे नाव तात्या देवाच्या नावासारखं घ्यायचे. मंगळूरकडचा हा माणूस, कोकणी बोलणारा, आणि त्याच्यामागे सातारा-रत्नागिरीचे मराठे, महार, कोकणातले मुसलमान, तेलुगू कामाठी, उत्तर प्रदेशातले भय्ये सगळे उभे राहिले. जॉर्ज फर्नांडिस मुंबईत आले ते सुरुवातीला डिमेलोंच्याच हाताखाली शिकले. डिमेलो १९५८ मध्ये गेले. पुढे एस. आर. कुलकर्णी, मनोहर कोतवाल यांनी ती युनियन चालवली, आणि पोर्ट ट्रस्टच्या कामगारांत डॉ. शांती पटेल यांनी कितीतरी दशकं काम केलं. भिंतीशेजारच्या ज्या रस्त्याला आज पी. डिमेलो रोड म्हणतात तो आधी फ्रिअर रोड होता. आपल्या शहरात गोदी कामगारांच्या पुढाऱ्याच्या नावाचा एवढा लांब रस्ता आहे, याचं मला बरं वाटतं. नावामागचा माणूस विचारला तर टॅक्सीवाल्यांना सांगता येत नाही, ते राहू दे.

नोंदणी झाली त्या दिवशी तात्यांना बिल्ला मिळाला. पितळी, मध्ये नंबर. आता टोळीवाला नाही. कॉल स्टँडवर जायचं, तिथे बोर्डाचा माणूस नंबरानं, क्रमानं टोळ्यांना बोटी वाटून देणार. बोट नसली तरी हजेरी लागली की हजेरीचे पैसे. महिन्याला ठराविक दिवसांच्या मजुरीची हमी. ठरलेल्या टनांच्या वर माल काढला तर वरचे पैसे. बोटीवरचे कामगार बोर्डाचे, धक्क्यावरचे पोर्टाचे, दोघांचे नियम वेगळे, भांडणंही वेगळी. आणि फाटकाबाहेर माल गेला की तिथून पुढे मशीद बंदर, दाणाबंदर, लोखंड बाजारात माथाडी. त्यांना कायदा मिळायला १९६९ उजाडावं लागलं, तोही अण्णासाहेब पाटलांसारखा माणूस रस्त्यावर उतरला म्हणून. अण्णासाहेबही आमच्या पाटणचेच.

आजी सांगायची, बिल्ला आला आणि तुझ्या आजोबांनी मला मुंबईला आणलं. त्याआधी मनात असूनही आणता येत नव्हतं, कारण उद्या काम आहे की नाही हे ज्याला माहीत नाही तो बायको कुठे ठेवणार? बिल्ल्यावर वाणी उधारी देऊ लागला. बिल्ल्यावर बाबांचं नाव शाळेत घातलं गेलं. रात्री झोपताना तात्या तो बिल्ला उशाखाली ठेवायचे आणि घामानं हिरवा पडला की चिंचेनं घासायचे.

बाबा रात्रशाळेत मॅट्रिक झाले आणि १९६९ मध्ये टाली क्लार्क म्हणून लागले. एका घरात गोणी उचलणारा आणि गोणी मोजणारा. तात्यांना त्याचा अभिमान होता, पण थोडा संशयही होता. ‘तू सावलीत उभा राहून रेघा मारतोस,’ असं ते म्हणायचे. सावली वगैरे काही नसायची. धक्क्यावर, विंचखाली, कानाला पेन्सिल लावून उभं राहायचं. सिलिंग खाली आली की एका नजरेत मोजायची, रेघ मारायची, तोवर दुसरी वर तरंगतेय. एक सिलिंग चुकली तर पाळीच्या शेवटी टाली जुळत नाही आणि मग दोन्ही क्लार्क शेडमध्ये कंदिलाखाली बसून पानंच्या पानं पुन्हा चाळणार. बाबांना अजून झोपेत बोटं हलवायची सवय आहे.

माल कसला, तर जे देशाला लागतं ते सगळं. अमेरिकेतून पी. एल. ४८० या त्यांच्या धान्य-मदतीच्या कायद्याखाली आलेला गहू. बाहत्तरच्या दुष्काळात आलेली मिलो, लाल ज्वारी. आपल्याकडच्या ज्या पिढीनं दुष्काळी कामावर खडी फोडली आणि मिलोच्या भाकरी खाल्ल्या, तिला त्या भाकरीची चव आठवते. आमच्याकडे तिची धूळ आठवते. धान्याची धूळ बारीक, कुसळी, अंगभर खाज. बाबा घरी आले की आई दारातच बादली ठेवायची. त्या धान्यातलं सांडलेलं धक्क्याबाहेर, दाणाबंदरच्या रस्त्यावर बायका सुपानं पाखडून गोळा करायच्या. आजीनं बाहत्तर साली ते केलंय. नवरा आणि मुलगा दोघं नोकरीला असताना तिला ते करायची वेळ का आली, तर गावाकडची नऊ माणसं दुष्काळात आमच्या दहा बाय बाराच्या खोलीत येऊन राहिली होती. तात्यांनी उतरवलेला, बाबांनी मोजलेला आणि आजीनं धुळीतून वेचलेला दाणा, असं आमचं जेवण होतं.

गंधकाची बोट लागली की डोळे आठवडाभर लाल. कार्बन ब्लॅकची, म्हणजे काजळीची बोट सगळ्यात वाईट. तीन-तीन आंघोळी करून पाणी काळं, थुंकी काळी, उशीचा अभ्रा काळा. अशा मालाला वरचे पैसे मिळत, म्हणून त्या बोटीला नाही म्हणणारं कुणी नसायचं. तात्या गूळ खाऊन जायचे, गुळानं छाती धुतली जाते म्हणून. शेवटची पाच वर्षं त्यांना रात्री आडवं झोपता येत नव्हतं. भिंतीला टेकून बसायचे आणि बसल्या बसल्या डुलकी घ्यायचे. डॉक्टरांनी कागदावर दमा लिहिलं होतं.

या सगळ्याच्या मुळावर जे आलं ते दिसायला अगदी साधं होतं. लोखंडी डबा. २६ एप्रिल १९५६ ला अमेरिकेत माल्कम मॅकलीन नावाच्या ट्रकवाल्यानं एका जुन्या तेलवाहू जहाजावर असे अठ्ठावन्न डबे चढवून नेवार्कहून ह्यूस्टनला नेले. सुटा माल हातानं भरायला टनाला ५ डॉलर ८६ सेंट खर्च यायचा, तो या डब्यांमुळे १६ सेंटांच्या आसपास आला. तात्या तेव्हा बिल्ला मिळून पाच वर्षं झालेला, ऐन उमेदीतला माणूस. जगाच्या दुसऱ्या टोकाला आपल्या खांद्याची किंमत अशी ठरली हे त्यांना कळायचं काही कारण नव्हतं. ते कळलं बाबांना, तेही हळूहळू. गोदीत डबे दिसू लागले. मग खाडीपलीकडे न्हावाशेवा. १९८९ मध्ये ते बंदर सुरू झालं आणि एकेक करत बोटी तिकडे वळल्या. जिथे एक बोट रिकामी करायला आठवडे लागायचे आणि टोळ्यांवर टोळ्या उतरायच्या, तिथे डब्यांची बोट दिवस-दीड दिवसात हात झटकून निघून जाऊ लागली. डब्याच्या आत किती गोण्या आहेत हे मोजायला धक्क्यावर कुणी लागत नाही. दाराला सील आहे ना, झालं. टाली क्लार्कचं कामच त्या सीलमध्ये बंद झालं.

न्हावाशेवाबद्दल रागानं बोलणं मला जमत नाही, कारण माझा पगार तिथूनच येतो. आणि तिथल्या लोकांचंही काही कमी गेलेलं नाही. माझ्या शेजारच्या टेबलावर बसणारी मैत्रीण जासईकडची आहे. जानेवारी १९८४ मध्ये नवी मुंबई वसवणाऱ्या सिडकोच्या भूसंपादनाविरुद्ध दि. बा. पाटलांच्या मागे उरण-पनवेलचे शेतकरी उतरले, १६ आणि १७ तारखेला गोळीबार झाला आणि पाच माणसं गेली. दर वर्षी त्या दिवशी ती रजा टाकते. आम्ही दोघी डबा खाताना कधीमधी बोलतो. तिच्या घरची मिठागरं आणि भातशेती गेली, आमच्या घरची गोदी गेली. ज्यानं ते सगळं गेलं त्याच्याच कागदपत्रांवर आम्ही दोघी शिक्के मारतो. घेतलेल्या जमिनीच्या बदल्यात परत मिळायच्या साडेबारा टक्के जमिनीसाठी तिचे वडील खेटे घालत होते तेव्हा बाबा स्वेच्छानिवृत्तीचा अर्ज हातात घेऊन विचार करत होते.

१९९४ ला डॉक लेबर बोर्ड पोर्ट ट्रस्टमध्ये विलीन झालं. १९९७ मध्ये असा कायदा आला की मोठ्या बंदरांना तो अठ्ठेचाळीसचा कायदा यापुढे लागू करायचा नाही. बाबांनी २००१ मध्ये अर्जावर सही केली. त्या रकमेत माझं लग्न झालं आणि गावचं घर पक्कं झालं. आज पोर्टाकडून पेन्शन घेणारे जास्त आणि कामावर जाणारे कमी आहेत. प्रिन्सेस आणि व्हिक्टोरिया डॉक भराव टाकून बुजवल्या. स्फोट झाला ती जागासुद्धा आता पाण्याखाली नाही, जमिनीखाली आहे. बाबांना हे पहिल्यांदा समजलं तेव्हा त्यांनी दोन-तीनदा विचारलं, पाणी कुठे गेलं?

गेल्या हिवाळ्यात मी त्यांना अटल सेतूवरून नेलं. शिवडीहून पूल सुरू होतो. खाली चिखलात रोहित पक्षी होते, पण बाबांनी तिकडे बघितलं नाही. ते उजवीकडे बघत होते. लांब, धुरकट, न्हावाशेवाच्या क्रेन उभ्या होत्या, माना वर केलेल्या. त्यांखाली एक बोट, वर डब्यांच्या थप्प्या. पुलावर थांबायला बंदी आहे, म्हणून मी नुसती गाडी हळू केली. बाबांचे ओठ हलत होते. मी विचारलं, ‘बाबा, काय म्हणताय?’

‘किती थर आहेत ते बघतोय. थरावर रांगा किती ते कळलं तर आकडा काढता येईल.’

मी त्यांना सांगितलं की या बंदरातून वर्षाला सत्तर लाखांहून जास्त डबे जातात, वीस फुटी मापानं. त्यांनी मान हलवली, पण तो आकडा त्यांच्यापर्यंत पोचला असं मला वाटलं नाही. सत्तर लाखांच्या जुड्या कुठल्या भिंतीवर मावणार?

चिर्ल्याला उतरून आम्ही बंदराच्या रस्त्याला लागलो. ट्रेलरची रांग लागली होती, नेहमी असते तशी. चहासाठी थांबलो. बाबा काठी टेकत रांगेतल्या एका ट्रेलरपाशी गेले. ड्रायव्हर खाली उतरून चाकाच्या सावलीत स्टोव्हवर भात शिजवत होता. पंचवीस-सव्वीस वर्षांचा पोरगा, आष्टीकडचा, बीड जिल्ह्यातला. कधीपासून उभा आहेस, असं बाबांनी विचारलं. काल रात्रीपासून, म्हणाला.

‘गँगमध्ये किती माणसं तुम्ही?’

त्याला गँग कळली नाही. बाबांनी पुन्हा विचारलं, बरोबर किती जण आहेत म्हणून.

‘कोण नाही, काका. मी एकटाच. क्लीनर होता, तो दिवाळीला गेला तो आलाच नाही.’

‘मग तुझी हजेरी कोण घेतं?’

पोरगा हसला. पुढची गाडी हलल्याचा आवाज आला तसा त्यानं भाताचं पातेलं स्टोव्हसकट उचलून केबिनमध्ये ठेवलं आणि वर चढला. बाबा दाराशीच उभे होते. दारावर बोटभर धूळ बसलेली होती. त्यांनी तर्जनीनं त्या धुळीत एक उभी रेघ ओढली आणि मागे सरले. ट्रेलर एका गाडीच्या लांबीएवढा पुढे गेला आणि थांबला.